माहितीपटात दिग्दर्शकाने स्वतःच येऊन बसावं का? (आन्येस वार्दा आणि इतर मंडळी)

रिकामटेकडा
धागा काढायला कारण एक भांडण. आमच्या फिल्म क्लबात फ्रेंच दिग्दर्शिका आन्येस वार्दाचा 'द ग्लीनर्स अँड आय' (२०००) दाखवला आणि नंतर चहाला थांबलेल्या मंडळींचे सरळ दोन तट पडले. ज्यांनी पाहिला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात: फ्रान्समध्ये पीक निघाल्यावर रानात राहिलेलं, म्हणजे सरवा, वेचणारे, बाजार उठल्यावर खाली पडलेली भाजी-फळं उचलणारे, रस्त्यावर टाकलेल्या मोडक्या सामानातून कामाचं काढणारे, अशा लोकांना भेटत ही बाई देशभर हिंडते. वय तेव्हा सत्तरीच्या पुढे, हातात छोटा डिजिटल कॅमेरा. विषय भुकेचा, नासाडीचा, वेचण्याच्या कायद्याचा. इथवर उत्तम.

पण मध्येच बाई एका हाताने कॅमेरा धरते आणि दुसऱ्या हाताच्या सुरकुत्या दाखवते. केस विंचरून मुळाशी आलेला पांढरेपणा दाखवते. हायवेवर बोटांचं कडं करून त्यात ट्रक 'पकडते'. घराच्या छताला आलेली ओल दाखवून तिच्यात चित्रं शोधते. आणि कळस म्हणजे एकदा कॅमेरा बंद करायला विसरली, तर लेन्सचं झाकण दोरीला लोंबकळत हेलकावे खातंय, तो तुकडा चक्क जॅझ लावून ठेवून दिलाय!

माझं म्हणणं: हे सगळं कापलं असतं तर चित्रपट वरच्या दर्जाचा झाला असता. बाजारात खाली पडलेलं खाऊन जगणारा माणूस समोर असताना तुमच्या हातावरच्या डागांचं आम्ही काय करायचं? माहितीपटात दिग्दर्शकाचा 'मी' कधी लागतो आणि कधी ती नुसती हौस असते? उदाहरणं देऊन भांडा.

ठोकळा
पॉपकॉर्न घेऊन बसलो आहे. पुढची खुर्ची धरून ठेवा.

शेवंता
झाकणावर एवढा राग? अहो, त्या चित्रपटाचा विषयच लोकांनी टाकलेलं उचलणं हा आहे. संकलनाच्या टेबलावर जे हमखास टाकलं जातं ते तिने उचललं, बास.

शिवाय ती काही लपवत नाही. आरासच्या संग्रहालयात ज्यूल ब्रतोंचं एक चित्र आहे, खांद्यावर पेंढी घेतलेली एकटी सरवा वेचणारी. वार्दा त्या चित्राशेजारी तशीच पेंढी खांद्यावर घेऊन उभी राहते, मग पेंढी खाली टाकते आणि कॅमेरा उचलते. मूळ फ्रेंच नावातसुद्धा वेचणारे अनेक आणि वेचणारी एक अशी जोडी आहे. ती एक कोण, हे सुरुवातीलाच कळतं. पटो न पटो, फसवणूक नाही.

अण्णा_माणदेशी
सिनेमा पाहिलेला नाही, पण सरवा म्हटल्यावर राहवेना. आमच्याकडे भुईमूग निघाला की शेंगा वेचायला बाया-पोरं यायची. मालकाने 'आता या' म्हटल्याशिवाय बांध ओलांडायचा नाही असा रिवाज. रानात ओल असेल तर वेल उपटला की शेंगा सगळ्या वर येतात. रान वाळलेलं असलं की देठ तुटतो आणि शेंग आत राहते. मालकाचं जेवढं नुकसान तेवढी वेचणाऱ्याची चंगळ. माझी चुलती खुरप्याने माती उकरायची आणि हाताला लागलेली शेंग न बघता ओटीत टाकायची, पोकळ आहे की भरलेली ते बोटांना कळायचं.

फ्रान्सात याला कायदा आहे म्हणता? खरंच?

लिऑनवाली
अण्णा, खरंच. १५५४ सालच्या राजाच्या फर्मानापासून चालत आलेला हक्क आहे. चित्रपटात एक वकील काळा झगा घालून, हातात दंडसंहितेचं लालभडक पुस्तक घेऊन चक्क शेतात उभा राहतो आणि समजावून सांगतो: पीक निघाल्यावर, सूर्य उगवल्यापासून मावळेपर्यंत, वेचायला हरकत नाही. एखाद्या रीतसर माहितीपटात हेच गृहस्थ पुस्तकांच्या कपाटापुढे बसून बोलले असते आणि प्रेक्षकांनी मोबाइल काढला असता.

बटाट्यांचा भाग तर खास तुमच्यासाठी आहे. बाजाराला ठरावीक मापाचेच बटाटे लागतात. मोठे, वेडेवाकडे, हिरवे पडलेले सगळे ट्रकने परत रानात आणून ओततात. त्या ढिगात वार्दाला पत्त्यातल्या बदामाच्या, म्हणजे हृदयाच्या आकाराचा बटाटा सापडतो. असे ती घरी नेते, पडू देते, कोंब फुटतात, सुरकुततात, आणि ती ते चित्रित करत राहते. २००३ मध्ये व्हेनिसच्या बिएनाले या कलाप्रदर्शनात तिने त्यावर एक मांडणीच केली, सातशे किलो बटाटे ओतून. उद्घाटनाला स्वतः बटाट्याचा पोशाख घालून गेली होती.

ठोकळा
बटाट्याचा पोशाख!! आमच्याकडे चित्रपट महोत्सवात लोक नेहरू जाकीट घालून येतात.

अण्णा_माणदेशी
मापाचं बरोबर बोललात. कांद्याचंही तेच. गोल्टीला, म्हणजे बारक्या कांद्याला, भाव वेगळा, आणि भाव पडला की तीही उकिरड्यावर. ही बाई आमच्याकडे यायला हवी होती.

फटकळ
रिकामटेकडाला अनुमोदन. आणि आजच्या काळात तर डबल अनुमोदन. यूट्यूबवर प्रत्येक जण हेच करतोय. 'नमस्कार मित्रांनो, आज मी आलोय ऊसतोड कामगारांच्या फडावर' आणि दहातली आठ मिनिटं स्वतःचं थोबाड. वार्दाबाईंनी केलं तर प्रयोग, आमच्या गल्लीतल्या पोराने केलं तर व्लॉग? फरक सांगा.

कॅनव्हासकाका
फटकळ, तुमच्या प्रश्नाला नंतर कोणीतरी उत्तर देईलच. मला 'तटस्थ' माहितीपटाबद्दल बोलायचंय, कारण धागाकर्त्याच्या मनात तो कुठेतरी आदर्श म्हणून बसलेला दिसतो.

आमच्या पिढीने तटस्थपणा थिएटरात मुख्य चित्रपटाआधी बसून भोगलाय. सरकारच्या फिल्म्स डिव्हिजनचं रीळ दाखवणं सक्तीचं होतं. धरण, ट्रॅक्टर, हसरा शेतकरी, आणि वरून एक खर्जातला आवाज. त्या आवाजाला चेहरा नाही, गाव नाही, शंका तर कधीच नाही. तो तटस्थ होता का? तोही 'मी'च होता, सरकारचा, फक्त पडद्यामागे बसलेला. हाताच्या सुरकुत्या दाखवणारी बाई निदान सांगते तरी की बघणारी मी आहे आणि माझं वय झालंय.

आणि गंमत बघा, पहिले खोडकर लोक त्याच सरकारी इमारतीतून निघाले. १९६७ साली एस. एन. एस. शास्त्रींनी 'आय ॲम ट्वेंटी' केला. देशाएवढंच वय असलेली, १९४७ ची पोरं-पोरी समोर बसवली आणि बोलू दिलं. कोणी देशावर प्रेम करतंय, कोणी साफ नाही म्हणतंय, आणि हे सरकारी पैशांनी! पुढच्याच वर्षी त्यांनी 'अँड आय मेक शॉर्ट फिल्म्स' केला. नावातच मी. त्याच सुमारास प्रमोद पतींचा 'एक्सप्लोरर' आला, निवेदनाचं नाव नाही, प्रतिमांचा आणि आवाजांचा नुसता भडिमार. धरणाच्या अपेक्षेने बसलेल्या पब्लिकचं काय झालं असेल!

पुणेरी_उंदीर
काका, झकास. शास्त्रींचा तो वीस वर्षांच्या पोरांचा चित्रपट नेटवर आहे, वीसेक मिनिटांचा. बघाच.

पण मला वाद दुसरीकडे न्यायचाय. वार्दा स्वतः तरी खरी आहे. पायल कपाडियाच्या 'अ नाइट ऑफ नोइंग नथिंग'चं (२०२१) काय? पुण्याच्या एफटीआयआय या चित्रपटशिक्षण संस्थेतल्या 'एल' नावाच्या मुलीची पत्रं सापडली असं सांगून चित्रपट सुरू होतो. प्रियकराला लिहिलेली पत्रं, घरच्यांनी जातीवरून मोडलेलं नातं. आणि ही पत्रं रचलेली आहेत! ती मुलगी अस्तित्वातच नाही. पण तिथल्या विद्यार्थ्यांचा २०१५ चा संप खरा, मोर्चे खरे, पोलिसांच्या मारहाणीचं चित्रण खरं. कान चित्रपट महोत्सवात याला सर्वोत्कृष्ट माहितीपटाचं पारितोषिक मिळालं. मी चित्रपट पाहून भारावलो आणि पत्रं खोटी आहेत हे कळल्यावर तेवढाच चिडलो. संपाच्या वेळी मी संस्थेसमोरच्या लॉ कॉलेज रोडवरून रोज जात होतो हो.

शेवंता
उंदीरमामा, चिडलात कशावर? पत्रं खोटी यावर की आपण रडलो यावर? (दिवे घ्या, म्हणजे गमतीत घ्या.)

पत्ररूपाची ही चाल जुनी आहे. फ्रेंच दिग्दर्शक क्रिस मार्करच्या 'सां सोलेय'मध्ये (१९८३) एक बाई कुण्या कॅमेरामनची पत्रं वाचते. तो कॅमेरामनही रचलेला. मार्कर स्वतःचा फोटोसुद्धा काढू देत नसे, मुलाखत मागितली तर मांजराचं चित्र पुढे करायचा. वार्दाचा तो मित्र. तिच्या 'द बीचेस ऑफ आन्येस'मध्ये (२००८) तो खरोखर कार्टून मांजर होऊन येतो आणि तिला प्रश्न विचारतो. म्हणजे एक दिग्दर्शक स्वतःचा हात दाखवते आणि दुसरा आपला 'मी' तीन पडद्यांआड ठेवतो. वैयक्तिक दोघंही.

पुणेरी_उंदीर
शेवंताताई, माझा आक्षेप रचण्याला नाही. संपातली दृश्यं पुरावा आहेत. पुराव्याशेजारी रचलेलं ठेवलं की उद्या कोणीही उठून म्हणेल, मारहाणही रचलेलीच.

शेवंता
हा मुद्दा मान्य. याला माझ्याकडे उत्तर नाही.

गोदाकाठ
आनंद पटवर्धनांचं नाव अजून आलं नाही याचं आश्चर्य. आयुष्यभर दुसऱ्यांचे लढे चित्रित केले. 'जय भीम कॉम्रेड' (२०११) करायला चौदा वर्षं घेतली. १९९७ चा मुंबईतल्या रमाबाई नगरचा पोलीस गोळीबार, त्यानंतर शाहीर विलास घोगऱ्यांनी केलेली आत्महत्या, तिथून तो सुरू होतो. घोगरे त्यांच्या आधीच्या चित्रपटात गायले होते. पण पटवर्धन तिथे 'माझा मित्र गेला' म्हणत कॅमेऱ्यापुढे बसत नाहीत. ते दुःख चौदा वर्षं वस्त्यांमधून, शाहिरांच्या मागे फिरण्यात खर्ची पडलंय.

आणि मग २०२३ मध्ये 'वसुधैव कुटुम्बकम'. म्हातारे आईवडील, घरातल्या गप्पा. आई निर्मला कुंभारकामातली मोठी कलावंत, काका रावसाहेब आणि अच्युतराव स्वातंत्र्यलढ्यातले. घर स्वतःचं, पण सांगता सांगता फाळणी येते, गांधी येतात, आजचा काळ येतो. मला वाटतं कसोटी ही: 'मी'मधून बाकीचे आत येतायत की दार लावून आपण एकटेच बसलोय.

फटकळ
गोदाकाठ, कसोटी चांगली आहे पण सोपी नाही. काका स्वातंत्र्यसैनिक असतील तर फाळणी येणारच. माझा काका एसटीत कंडक्टर होता. माझ्या घरावर माहितीपट केला तर काय येईल?

ठोकळा
सुट्टे पैसे.

दुपारची_झोप
ठोकळा, हसून हसून पुरेवाट.

फटकळ, काय येईल ते सांगते, कारण मी हा उद्योग केलाय. कोकणातल्या आमच्या घरात आजीवर छोटा चित्रपट केला, मोबाइलवरच. मी नसतानाही ती मोबाइल गडग्यावर (दगडी कुंपणावर) ठेवून त्याच्याशी बोलायची, 'चिऊ, आज फणस पडलो' वगैरे. फारच गोड झाला. पण एका प्रसंगात आजी जमिनीच्या वाटणीबद्दल बोलून गेली. मी तो ठेवला, कारण सगळ्यात खरी ती तिथेच दिसत होती, बोलताना पदराचं टोक बोटाला गुंडाळत. घरच्या कार्यात दाखवला आणि आत्या उठून आत गेली. घरचं उणंदुणं चव्हाट्यावर मांडलंस म्हणून वर्षभर अबोला.

तेव्हा 'स्वतःबद्दल' म्हणून जे आपण करतो ना, त्यात स्वतःचं फार थोडं असतं. बाकी सगळं आत्याचं, काकांचं, शेजाऱ्यांचं. वार्दाने हात दाखवला तो तिचा होता. आजीचा प्रसंग माझा नव्हता. आणि तरी मी तो आजही काढलेला नाही.

कॅनव्हासकाका
झोपताई, हा धाग्यातला सगळ्यात महत्त्वाचा प्रतिसाद. आत्याची बाजूही ऐकायला आवडली असती, पण ती इथे सभासद नसावी.

दुपारची_झोप
काका, आहे. दुसऱ्या नावाने. म्हणून जपून लिहितेय.

लिऑनवाली
फटकळ यांच्या कंडक्टर काकांकडे परत. वार्दाचाच एक जुना चित्रपट आहे, 'दागेरेओतीप', १९७५ च्या सुमाराचा. मुलगा लहान होता, घर सोडून लांब जाता येत नव्हतं. मग तिने स्वतःच्या घराच्या मीटरला नव्वद मीटरची वायर जोडली आणि ठरवलं, वायर पोचेल तिथवरच चित्रण. पॅरिसमधला र्यू दागेर हा तिचाच रस्ता. बेकरी, खाटीक, शिंपी, न्हावी, घड्याळजी. कोणाचा काका स्वातंत्र्यसैनिक नाही. पाव भाजणं, मांस तोलणं, गिऱ्हाइकाची वाट बघणं, एवढंच. कॅफेत एक जादूगार खेळ करतो आणि त्याच्या हातचलाखीला ती दुकानदारांच्या हातांची जोड देते.

तिथे अत्तरं नि बटणं विकणारं एक म्हातारं जोडपं आहे. बाई अबोल, हरवल्यासारखी. संध्याकाळ झाली की तिला बाहेर पडावंसं वाटतं. दाराशी येते, काचेतून बघते, आणि थबकते. कॅमेरा तिला घाई करत नाही, कुणी तिला 'काय वाटतं तुम्हाला' असं विचारत नाही. या चित्रपटात वार्दा स्वतः जवळपास दिसतही नाही, पण मला तो तिचा सगळ्यात वैयक्तिक वाटतो. घरात अडकलेल्या बाईने दारात अडकलेल्या बाईकडे पाहिलंय.

व्लॉग आणि हे यातला फरक विचारलात ना? माझ्यापुरता हा.

फटकळ
हं. पटलं असं नाही म्हणणार, पण हा बघायला हवा.

ठोकळा
नव्वद मीटर वायर आणि बिल स्वतःच्या मीटरवर. आमच्या सोसायटीत गणपतीच्या लायटिंगची वायर कोणाच्या मीटरवरून घ्यायची यावर तीन मिटिंगा होतात.

संकलनवाला
उशिरा आलो. पोटापाण्यासाठी संकलन करतो, म्हणून धागाकर्त्याला धंद्यातलं एक सांगतो.

हाताचा तुकडा 'मध्येच' येत नाही. त्याआधी ती जपानहून परतलेली आहे. घरात बॅग उघडते, तिकडून आणलेल्या वस्तू काढते, त्यात टोकियोतल्या एका दुकानातून घेतलेली रेम्ब्रांटच्या चित्रांची पोस्टकार्डं असतात. कार्डावरून कॅमेरा सरकतो तो तिच्या हातावर. रेम्ब्रांटने म्हातारपणीचं स्वतःचं तोंड पुन्हा पुन्हा रंगवलं, तसं. म्हणजे जागा विचार करून निवडलीय. आता हे कापलं तर काय होईल? बटाटे, मग द्राक्षं, मग शिंपले, मग कचरा, अशी यादी उरेल. तिच्या म्हातारपणाने त्या यादीला एक धागा दिलाय: मापात न बसणारं, मुदत संपत आलेलं, तरी कामाचं.

झाकणाचं मात्र मीही कापलं असतं. किंवा निम्मं केलं असतं.

रिकामटेकडा
संकलनवाला, शेवटच्या वाक्याबद्दल तुमच्या घरी पेढे पाठवतो.

शेवंता
पेढे थांबवा, आता मी एक पान टाकते. दोन्ही बाजूंना पुरेल.

वार्दाने दोन वर्षांनी याच चित्रपटाचा पुढचा भाग केला, 'टू इयर्स लेटर' (२००२). त्यात ती पुन्हा त्याच माणसांकडे जाते. पहिल्या भागातला आलँ आठवतो? बाजार उठल्यावर खाली पडलेली फळं, पाव उचलून तिथेच खाणारा, जीवशास्त्र शिकलेला, संध्याकाळी स्थलांतरितांना फुकट फ्रेंच लिहा-वाचायला शिकवणारा. तोच, ज्याच्यासाठी रिकामटेकडा भांडतोय. तर वार्दा त्याला विचारते चित्रपट कसा वाटला, आणि तो तोंडावर सांगतो की चित्रपट चांगला आहे, पण तुमचे स्वतःचे भाग अनावश्यक होते.

रिकामटेकडा
बघा!!! मी काय म्हणत होतो! प्रत्यक्ष आलँ माझ्या बाजूने!

फटकळ
धागा संपला. प्रशासक, कुलूप लावा.

शेवंता
थांबा की. ते वाक्य आपल्याला कळलं कुठून? तिनेच चित्रपटात ठेवलंय म्हणून. हौशी माणूस हे पहिल्यांदा कापतो.

आणि त्याच भागात अजून एक. कोणीतरी तिच्या लक्षात आणून दिलं की हे हात, हे केस, इतक्या जवळून तू याआधीही चित्रित केलेत. १९९१ च्या 'जाको द नांत'मध्ये. तिचा नवरा जाक देमी आजारी होता, ती त्याच्या बालपणावर चित्रपट करत होती, आणि मधेमधे त्याची कातडी, केस, हात अगदी जवळून टिपत होती. तो ऑक्टोबर १९९० मध्ये गेला. ग्लीनर्स करताना आपण तेच परत करतोय हे तिच्या ध्यानीमनी नव्हतं, असं ती सांगते.

कॅनव्हासकाका
हे माहीत नव्हतं. पुन्हा पाहावा लागणार.

रिकामटेकडा
हे वाचून जरा गप्प झालो होतो. तरी भूमिका सोडत नाही, फक्त बारीक करतो. हात राहू दे. केसही राहू देत. पण आलँचं म्हणणं शेवंता म्हणते तसं नुसतं 'ठेवल्याने' निकालात निघत नाही. तो माणूस फुकट शिकवतोय आणि टाकलेलं खातोय, त्याला वाटलं की बाईंनी जागा जास्त घेतली, तर ते मत आपल्या सगळ्यांपेक्षा वजनदार आहे. दुसऱ्याच्या भुकेवर चित्रपट करायचा तर स्वतःला किती मिनिटं द्यायची याचा हिशोब त्या दुसऱ्यालाही विचारावा लागेल. वार्दाने विचारला, पण चित्रपट झाल्यावर.

आणि झाकण कापाच.

दुपारची_झोप
'चित्रपट झाल्यावर विचारला' हे मला लागलं. असो.

गोदाकाठ
रिकामटेकडा, सहमत आणि असहमत. आधी विचारून केलेले चित्रपट फार सभ्य होतात.

जाता जाता: पुण्यात कागद काच पत्रा कष्टकरी पंचायत १९९३ पासून आहे, कचरा वेचणाऱ्या बायांची संघटना. त्यांच्यातल्या कोणाच्या हातात कॅमेरा देऊन 'वेचणारी आणि मी' असा उलटा चित्रपट निघाला तर मला बघायला आवडेल.

अण्णा_माणदेशी
एवढं वाचून आता बघणं भाग आहे. मराठी सबटायटल मिळतात का? आमच्या इथे शाळेच्या हॉलात पडदा आहे, बाया येतील. त्यांना इंग्रजी वाचायला लावू नका.

लिऑनवाली
अण्णा, मी फ्रेंचवरून थेट मराठी करून देते, महिनाभर द्या. दाखवायची परवानगी मात्र रीतसर घ्यावी लागेल. तिची कंपनी सिने-तामारिस, अजून तिच्याच रस्त्यावर, र्यू दागेरवर आहे, तिथे लिहून विचारते. द्राक्षमळ्यातल्या शब्दांना अडले तर तुम्हाला फोन.

अण्णा_माणदेशी
द्राक्षाचं सांगलीकडे विचारा. बटाट्याचं मला.

फटकळ
क्लबात पुढच्या महिन्यात काय लावताय?

रिकामटेकडा
'सां सोलेय'. मत पडलं चार विरुद्ध तीन.

फटकळ
खोट्या माणसाची पत्रं, दीड तास? माझं येणं कठीण.

शेवंता
त्यात मांजरं आहेत. टोकियोजवळचं मांजरांचं देऊळसुद्धा आहे.

ठोकळा
दोन खुर्च्या धरा. फटकळला मी घेऊन येतो.